बिलोरी काच आणि ओढीव मणी

मनुष्याने स्वतःच्या हाताने निर्माण केलेल्या पदार्थांत काच हा एक अत्यंत जुना आणि तितकाच विलक्षण पदार्थ आहे. वाळू, क्षार आणि चुना हे तीन अपारदर्शक पदार्थ भट्टीत एकत्र वितळवावेत आणि त्यांतून पलीकडचे स्वच्छ दिसू लागावे, याचे आश्चर्य आपल्याला वाटत नाही याचे कारण एवढेच की, काच आता घरोघरी झाली आहे. चेन्नईजवळ श्रीपेरुंबुदूर येथे २००० साली सुरू झालेल्या कारखान्यात वितळलेली काच वितळलेल्या कथिलाच्या पृष्ठभागावर तरंगत जाते आणि तिचा अखंड, सपाट पट्टा रात्रंदिवस बाहेर पडत राहतो. या कामात मानवी हाताचा स्पर्श जवळजवळ कोठेच होत नाही.

परंतु ज्या किनाऱ्यावर हे महानगर वसले आहे, त्याच चोलमंडल किनाऱ्यावर दोन हजार वर्षांपूर्वी काचेची एक अगदी निराळी विद्या नांदत होती. ती सर्वस्वी हाताची विद्या होती. तिची निर्मिती ज्वारीच्या दाण्याएवढी किंवा त्याहूनही लहान असे. पण ती आफ्रिकेपासून कोरियापर्यंत पोहोचली. ही विद्या कोणती, तिच्यात शास्त्र कोणते आणि असे ज्ञान टिकते कशाने, याचा विचार या लेखात करावयाचा आहे.

काच म्हणजे स्फटिक नव्हे

प्रथम एका शब्दाचा उलगडा करणे अवश्य आहे. उंची पेले, झुंबरे आणि शोभेच्या वस्तू ज्या चकचकीत काचेच्या केलेल्या असतात, तिला बाजारात ‘क्रिस्टल’ म्हणतात. मराठीत तिला जुना शब्द आहे ‘बिलोरी’. बिलोर म्हणजे पाण्यासारखी स्वच्छ गारगोटी. ही गारगोटी खराखुरा स्फटिक असते. तिच्यातील सिलिकॉन व ऑक्सिजन यांचे अणू कवायतीला उभ्या असलेल्या मुलांप्रमाणे ठराविक अंतरावर, ठराविक रचनेत मांडलेले असतात आणि ही रचना सर्व दिशांना पुन्हा पुन्हा तशीच येते. काचेत अणू तेच असले तरी ही शिस्त नसते. वितळलेला रस निवत असताना अणूंना आपापल्या जागी जाऊन उभे राहण्यास अवधी मिळत नाही. ते जेथे असतील तेथेच थिजतात. म्हणून काच घन असूनही तिची अंतर्रचना द्रवासारखी विस्कळीत असते.

खरा स्फटिक वाढविणे हे निराळेच शास्त्र आहे. चेन्नईच्याच अण्णा विद्यापीठात १९८२ सालापासून स्फटिकवर्धनाचे स्वतंत्र केंद्र आहे. अणूंना रांगेत उभे राहण्यास पुरेसा अवकाश देणे, हे तेथील कामाचे मर्म. काचकाराचे मर्म याच्या नेमके उलट असते. रसात स्फटिक धरू लागले की त्याची काच धुरकट होते आणि वाया जाते.

मग काचेला स्फटिकाचे नाव का मिळाले? कारण स्वच्छ गारगोटीची बरोबरी करणे, ही काचकारांची फार जुनी महत्त्वाकांक्षा होती. व्हेनिसजवळच्या मुरानो बेटावर पंधराव्या शतकाच्या मध्यास अँजेलो बारोव्हिएर या काचकाराने जवळजवळ रंगहीन काच सिद्ध केली आणि तिला ‘क्रिस्तालो’ हे नाव पडले. पुढे लंडनमध्ये जॉर्ज रेव्हन्सक्रॉफ्ट याने १६७४ साली एका नव्या काचेचे पेटंट घेतले आणि थोड्याच वर्षांत शिशाचे ऑक्साइड मिसळून ती काच टिकाऊ केली. शिशामुळे काच जड होते, अधिक काळ मऊ राहते व कोरण्यास सोपी जाते. त्याहून महत्त्वाचे म्हणजे तिच्यात शिरणारा प्रकाशकिरण अधिक वाकतो. साध्या काचेचा वक्रीभवनांक सुमारे १.५२ असतो, शिशाच्या काचेचा तो १.५५ च्या पुढे जातो. किरण जितका वाकेल आणि त्यातील रंग जितके फाकतील, तितके कोरलेल्या पैलूंचे तेज वाढते. युरोपीय राष्ट्रांनी १९६९ साली केलेल्या नियमानुसार ‘लेड क्रिस्टल’ म्हणविण्यास काचेत निदान २४ टक्के शिशाचे ऑक्साइड असावे लागते. शिसे विषारी असल्यामुळे अलीकडे त्याऐवजी बेरियम, जस्त किंवा टायटॅनियम यांची ऑक्साइडे वापरून तशीच झळाळी आणली जाते.

तात्पर्य, बिलोरी काच ही स्फटिक नसून स्फटिकाचे सोंग घेतलेली काच आहे. चोलमंडलाच्या काचकारांनी मात्र असे सोंग घेतले नाही. काच मऊ असताना तिला ओढता येते, हा जो गुण स्फटिकात नाही, त्याच गुणावर त्यांनी आपली विद्या उभारली.

अरिकमेडूचा शोध

चेन्नईच्या एग्मोर भागात १८५१ साली स्थापन झालेले शासकीय वस्तुसंग्रहालय आहे. १९४४ साली भारतीय पुरातत्त्व खात्याचे तत्कालीन महासंचालक मॉर्टिमर व्हीलर यांना तेथील एका कपाटात भूमध्य समुद्राकाठच्या घडणीच्या मद्यकुंभाचा तुकडा आढळला. तो पुदुच्चेरीजवळून आलेला होता. या धाग्यावरून व्हीलर अरिकमेडू या गावी पोहोचले आणि १९४५ साली त्यांनी तेथे उत्खनन केले. रोमन बनावटीची मातीची भांडी सापडल्यामुळे हे ठिकाण जगप्रसिद्ध झाले. १९४७ ते १९५० या काळात फ्रेंच पुरातत्त्वज्ञ कझाल यांनी आणि १९८९ ते १९९२ या काळात विमला बेगले यांच्या नेतृत्वाखालील पथकाने तेथे पुन्हा उत्खनन केले.

रोमन भांड्यांची कीर्ती झाली खरी, परंतु अरिकमेडूची स्वतःची निर्मिती होती ती मण्यांची. रंगीत दगडांच्या मण्यांबरोबर तेथे काचेचे बारीक, एकरंगी मणी विपुल सापडले. तांबूस तपकिरी, काळे, निळे, हिरवे, पिवळे असे हे मणी बहुधा ५-६ मिलिमीटरांहून लहान असतात. अमेरिकन मणी-संशोधक पीटर फ्रान्सिस यांनी त्यांना ‘इंडो-पॅसिफिक मणी’ असे नाव दिले. कारण पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यापासून श्रीलंका, थायलंड, व्हिएतनाम असे थेट कोरिया-जपानपर्यंत अशा प्रकारचे मणी मिळतात. श्रीलंकेत व आग्नेय आशियातही पुढे ते तयार होऊ लागले. केवळ मालच नव्हे, तर तो तयार करण्याची युक्तीही समुद्र ओलांडून गेली, हे यावरून दिसते.

महाराष्ट्रही या व्यवहारापासून दूर नव्हता. तेर, नेवासे आणि कोल्हापूरजवळील ब्रह्मपुरी येथील उत्खननांत काचेचे मणी मिळाले आहेत. डॉ. मोरेश्वर गंगाधर दीक्षित या मराठी पुरातत्त्वज्ञाने भारतीय काचेच्या इतिहासावर लिहिलेला ग्रंथ मुंबई विद्यापीठाने १९६९ साली प्रसिद्ध केला. या विषयाच्या अभ्यासकास तो आजही पाहावा लागतो.

ही काच भारतीय मालाचीच होती, हे रसायनशास्त्राने दाखविले आहे. रोमन काचेत ॲल्युमिनाचे प्रमाण सामान्यतः २ ते ३ टक्के असते. दक्षिण भारतातील पुष्कळशा जुन्या मण्यांत ते ५ टक्क्यांच्या वर जाते. याचे कारण वाळूत आहे. ग्रॅनाइटी खडकांच्या झिजेतून झालेल्या येथील वाळूत फेल्डस्पार हे खनिज बरेच असते आणि त्यातून ॲल्युमिना काचेत उतरते. सोडा मिळे तो खारवट जमिनीवर उन्हाळ्यात फुलून येणाऱ्या क्षारापासून. तांबूस रंग तांब्याचा. पण तांबे घातले म्हणजे तांबडा रंग येतोच असे नाही. भट्टीत हवा मोकळी खेळली तर तेच तांबे निळा-हिरवा रंग देते, आणि हवा कोंडून धूर राखला तरच ते तांबडे दिसते. म्हणजे रंग केवळ द्रव्याचा नव्हे, तर भट्टी राखणाऱ्याच्या जागरूकतेचाही असतो.

मणी ओढण्याची रीत

हे मणी तयार कसे होत? उत्खननात मणी मिळतात, काचेचे तुकडे मिळतात, फुटक्या नळ्या मिळतात. पण हातांची हालचाल जमिनीत पुरून राहत नाही. या कोड्याचे उत्तर एका जिवंत गावाने दिले. आंध्र प्रदेशात तिरुपतीजवळ पापनायडुपेट नावाचे गाव आहे. विसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकांत तेथील कारागीर काचेचे मणी ओढून तयार करीत असत. डॉ. मारियान स्टर्न यांनी १९८७ साली आणि पुढे पीटर फ्रान्सिस यांनी त्यांच्या पद्धतीचे वर्णन प्रसिद्ध केले. अरिकमेडूला सापडलेले अवशेष या पद्धतीशी इतके जुळतात की, दोन्ही ठिकाणची रीत मूलतः एकच असावी, असे फ्रान्सिस यांनी मानले.

ही रीत थोडक्यात अशी. लांब, पोकळ लोखंडी नळीच्या टोकावर भट्टीतील मऊ काच थरावर थर गुंडाळून तिचा मोठा शंकू करावयाचा. नळीला तेथे ‘लाडा’ म्हणत. शंकू दगडी किंवा लोखंडी पाटावर लोळवून सारखा केला की, नळीतून एक सळई आरपार सारून शंकूच्या पोटातून पोकळी पाडावयाची. मग हा शंकू पुन्हा भट्टीत धरावयाचा. भट्टीच्या दुसऱ्या बाजूच्या छिद्राशी मुख्य कारागीर आकडा घेऊन बसलेला असे. तो शंकूचे टोक आकड्याने पकडून बाहेर ओढी, आणि मग काचेची बारीक, पोकळ दोरीच जणू त्याच्या हातांतून निघू लागे. एका हातामागून दुसरा हात असे हे ओढणे काही तास अखंड चाले. थांबले तर नळी जाड होई. घाई केली तर तुटे.

निवालेल्या नळ्यांचे लांब तुकडे करीत. मग मूठभर नळ्या एकत्र धरून, उभ्या पात्यावर ठेवून, वरून दुसऱ्या पात्याने त्यांचे बारीक तुकडे पाडीत. या तुकड्यांच्या कडा धारदार असतात. म्हणून ते राखेत घोळवीत. राख भोकांत शिरे. नंतर राखेसह भांड्यात तापवून ते सतत ढवळीत. उष्णतेने कडा विरघळून गोल होत आणि राखेमुळे भोक बुजत नसे, मणी एकमेकांस चिकटत नसत. शेवटी राख झाडून, मणी घासून-पुसून ते दोऱ्यात ओवीत.

हातांतील शास्त्र

या वर्णनात पदार्थविज्ञानाचे किती धडे आहेत, हे पाहण्यासारखे आहे. बर्फ ० अंशाला एकदम वितळतो. काच तशी एका ठराविक तापमानाला वितळत नाही. तापमान वाढते तसतसा तिचा दाटपणा क्रमाक्रमाने कमी होत जातो. या दाटपणास शास्त्रात श्यानता म्हणतात. साधी सोडा-चुन्याची काच १००० अंश सेल्सियसच्या सुमारास मधासारखी घट्ट वाहती असते. ७०० अंशांच्या सुमारास ती स्वतःच्या वजनाने वाकण्याइतकी मऊ असते. आणि ५५० अंशांच्या आसपास तिच्यातील ताण हळूहळू सुटू शकतात, एवढीच हालचाल तिच्यात उरते. काचकाराचे सारे काम या उतरंडीवर योग्य पायरी धरण्याचे आहे.

मणी ओढताना भोक बुजत का नाही? येथे दोन शक्तींची चढाओढ चालू असते. प्रत्येक द्रव आपला पृष्ठभाग लहान करू पाहतो. या पृष्ठताणामुळे नळीतील पोकळी मिटू पाहते. काच जितकी पातळ, तितके हे मिटणे जलद. उलट काच पुरेशी दाट असेल आणि ओढ सतत असेल, तर पोकळीला मिटण्यास वेळच मिळत नाही. शंकू बारीक होत जातो तशी पोकळीही त्याच प्रमाणात बारीक होते. शिवाय लोखंडी नळीच्या पोकळीतून आत हवेला वाट असते. पापनायडुपेटचा कारागीर तापमापकाशिवाय, काचेच्या रंगावरून आणि हाताला जाणवणाऱ्या ओढीवरून हे संतुलन राखीत असे. तोच पृष्ठताण पुढे दुसऱ्या तापवणीत कामाला लावून तो मण्याच्या कडा गोल करून घेई. जी शक्ती एका पायरीवर शत्रू, तीच दुसऱ्या पायरीवर मित्र!

आजच्या दूरसंचाराचा आधार असलेला प्रकाशतंतू याच तत्त्वावर ओढला जातो. अतिशुद्ध काचेचा, काही सेंटिमीटर जाडीचा दंड घेतात. त्याचा गाभा आणि वेष्टन निरनिराळ्या वक्रीभवनांकाच्या काचेचे असतात. भट्टीत तापवून त्याचा ०.१२५ मिलिमीटर जाडीचा तंतू ओढतात, तेव्हा गाभा व वेष्टन यांचे प्रमाण दंडात होते तसेच तंतूत उतरते. शंकूतील भोक जसे मण्यात उतरे, तसेच हे. या दोन उद्योगांत दोन हजार वर्षांचे अंतर आहे. पण ज्या गुणाचा त्यांनी उपयोग केला, तो गुण एकच.

तुटलेला धागा जोडणे कठीण

असे ज्ञान एकदा नाहीसे झाले, तर पुस्तकावरून ते परत मिळविता येईल का? याचे उत्तर आयर्लंडमधील वॉटरफर्ड या गावाच्या इतिहासात मिळते. तेथे १७८३ साली बिलोरी काचेचा प्रसिद्ध कारखाना निघाला आणि १८५१ साली बंद पडला. १९४७ साली तो पुन्हा सुरू करण्याचे ठरले तेव्हा नाव होते, कीर्ती होती, जुने पेले संग्रहालयात सुरक्षित होते. परंतु काम जाणणारा एकही हात गावात उरला नव्हता. शेवटी चेकोस्लोव्हाकियातून आलेले चार्ल्स बाचिक यांनी कारखाना उभारला आणि त्यांच्यामागून आलेले मिरोस्लाव हावेल यांनी संग्रहालयातील जुन्या वस्तूंचा अभ्यास करून नवे नमुने रचले. वस्तूंनी नमुना दिला, पण कसब मात्र दुसऱ्या देशातील माणसांकडून आणावे लागले.

महाराष्ट्रालाही हा अनुभव आहे. अंताजी दामोदर काळे यांनी एकेक पैसा गोळा करून उभारलेल्या पैसा फंडातून १९०८ साली तळेगाव दाभाडे येथे काचकारखाना निघाला. लोकमान्य टिळकांचा त्याला पाठिंबा होता. तेथे काम उभे करण्यासाठी जपान व अमेरिका येथे शिकून आलेले ईश्वरदास वार्ष्णेय यांना आणावे लागले. या कारखान्याचे वैशिष्ट्य असे की, तेथे मालाबरोबर माणसेही तयार केली जात. काचकामाची शाळा म्हणून त्याचे महत्त्व त्याच्या मालाहून कमी नव्हते. पुढे १९१६ साली कऱ्हाडजवळ ओगले बंधूंनी काचकारखाना काढला. त्याच्या ‘प्रभाकर’ कंदिलांनी खेड्यापाड्यांतील रात्री उजळल्या आणि त्या जागेस ओगलेवाडी हे नाव मिळाले. विद्या शिकविण्याची सोय झाली आणि मालाला रोजची गरज मिळाली, म्हणून हा उद्योग रुजला.

जतन म्हणजे काय?

येथे जतनाचा खरा प्रश्न उभा राहतो. मणी संग्रहालयात ठेवला म्हणजे मणी टिकतो, मणी ओढणे टिकत नाही. कारागिराचा मुलगा अनेक वर्षे भट्टीशी बसल्याशिवाय त्याच्या हातात ते कसब येत नाही, आणि भट्टी पोटाला देत नसेल तर तो तेथे बसणार नाही. यंत्राने केलेले काचमणी आणि त्याहून स्वस्त प्लॅस्टिकचे मणी बाजारात असताना, हाताने ओढलेला मणी केवळ स्वस्ताईच्या शर्यतीत जिंकू शकत नाही. त्याला नवी रचना आणि जाणता गिऱ्हाईक हवा.

याची उदाहरणे जगात आहेत. फिनलंडचे वास्तुशिल्पी आल्व्हार आल्टो यांनी १९३६ साली लाटेसारख्या वळणाचे एक फुलपात्र रचले. इट्टाला येथील कारखान्यात ते आजही तोंडाने फुंकून केले जाते. एका रचनेने काच फुंकणाऱ्यांच्या कित्येक पिढ्यांना काम दिले. इटली व फ्रान्स या देशांतील काचमण्यांच्या कलेची नोंद युनेस्कोने २०२० साली मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत केली. २०२३ साली फ्रान्स, जर्मनी, फिनलंड, स्पेन, चेकिया व हंगेरी या सहा देशांच्या हस्तनिर्मित काचेच्या ज्ञानाची नोंद झाली. या दोन्ही नोंदींत भारत नाही. ज्या देशाने एकेकाळी अर्ध्या जगाला मणी पुरविले, त्याने याचा विचार अवश्य करावा.

भारतात या मण्यांना गिऱ्हाईक नाही असे नव्हे. महाराष्ट्रातील मंगळसूत्राची काळी पोत आणि तेलुगू प्रदेशातील ‘नल्लपूसलु’ यांत काळ्या मण्यांना अजून मान आहे. जेथे परंपरेची गरज आणि नव्या रचनेची दृष्टी यांची गाठ पडेल, तेथे हाताच्या मण्याला स्थान मिळू शकेल. त्याबरोबर तीन गोष्टी लागतील : जाणत्या कारागिरांच्या हालचालींचे तपशीलवार चित्रण, धूर व सरपण कमी करणारी, पण कारागिराच्या सवयीला जुळणारी लहान भट्टी, आणि शिकणाऱ्यास वेतन देणारी शाळा. यांपैकी दुसरी गोष्ट प्रयोगशाळेचे काम आहे, तिसरी समाजाचे.

विद्यार्थ्यांना या विद्येची ओळख साध्या भिंगानेही करून घेता येईल. काचेचा एखादा पारदर्शक मणी उजेडात धरून भिंगातून पाहावा. त्यातील सूक्ष्म बुडबुडे आणि रेषा भोकाला समांतर लांबट दिसल्या, तर तो मणी ओढलेल्या नळीपासून कापलेला आहे. त्या भोकाभोवती वेढा घालीत असतील, तर तो सळईवर काच गुंडाळून केलेला आहे. काच निवली तेव्हा ती कोणत्या दिशेने वाहत होती, हे तिने असे लिहून ठेवलेले असते. दोन हजार वर्षांपूर्वीचा ओढीव मणी हाती आला, तर त्यातही ओढणाऱ्या हाताची दिशा तशीच वाचता येते. मात्र तो हात किती जोराने आणि किती संथपणे चालत होता, हे कोणत्याही भिंगातून दिसत नाही. ते अजून भट्टीजवळ बसणाऱ्या माणसाकडूनच शिकावे लागते.